दशमुळीचा कोपरा

स्वच्छतेचा मला माज होता. हे आधीच सांगून टाकते, कारण पुढे मी पुष्कळ जणांना नावं ठेवणार आहे आणि वाचणाऱ्याने मला त्यांतून वगळू नये.

आमची वाडी चौलात. वाडी म्हणजे नारळी-पोफळीची बाग, आणि पोफळ म्हणजे सुपारीचं झाड. हे पूर्वी कुणाला सांगावं लागत नसे. आता लागतं, कारण शनिवार-रविवारी गाड्या घेऊन येणारी मंडळी कुंपणाबाहेर उभी राहून पोफळीला खुशाल 'बारीक नारळ' म्हणतात आणि फोटो काढतात.

पोफळीची वाडी झाडलेली असावी, हा आमच्याकडचा कायदा. सुपारी पिकली की आपण होऊन खाली पडते. खाली स्वच्छ माती असेल तर ती दिसते, पाचोळा असेल तर गेली. म्हणून रोज सकाळी खराटा. काडी नको, गवताचं पातं नको, पान तर नकोच नको. ज्या घरची वाडी अंगणासारखी, त्या घरची सून चांगली. मी या घरात आले आणि पहिल्या वर्षातच गावातल्या तमाम सुनांना मागे टाकलं. माझ्या वाडीत भात सांडला असता तरी वेचून खाता आला असता. शेजारणीच्या वाडीत पाचोळा दिसला की मला आतून गुदगुल्या व्हायच्या. वरून मी काळजीने विचारायचे, "हल्ली कंबर धरते वाटतं तुमची?"

झाडलेल्या मातीचा आणखी एक फायदा होता. तिच्यावर पावलं उमटतात. दुपारी जेवणं उरकली की मी एक फेरी मारायचे, आणि सकाळपासून वाडीत कोण कोण येऊन गेलं ते मला वाचता यायचं. शेजारची कोंबडी, मुंगूस, नारळ पाडणारा गडी आणि वन्सं. वन्सं म्हणजे माझी नणंद, यांची धाकटी बहीण, माझ्याहून दोन वर्षांनी मोठी. तिचं डावं पाऊल जरा बाहेर पडायचं, त्यामुळे ओळखायला सोपं. रात्री पानावर बसलो की मी सहज म्हणायचे, "आज विहिरीवर बराच वेळ बसलात वाटतं?" वन्सं मान खाली घालून भात कालवायच्या. यांना माझ्या हुशारीचं कौतुक वाटायचं. मलाही वाटायचं.

वन्संचं लग्न रेवसकडच्या एका घरात झालं होतं. दुसऱ्याच वर्षी त्या परत आल्या त्या आल्या. का आल्या ते कुणी सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही, कारण उत्तर माझ्यापाशी तयार होतं. हिलाच नांदता आलं नसेल. असली तयार उत्तरं माझ्याकडे सगळ्यांसाठी असायची. सासरे गेल्यावर वन्संनी तहसील कचेरीत जाऊन हक्कसोडपत्रावर सही केली, वाडी भावाच्या नावे झाली. बदल्यात त्यांना एक साडी दिली. ती साडी मी निवडली होती, आणि रंग मुद्दाम मळखाऊ घेतला होता, म्हणजे रोज नेसता येईल. माझी दानत तेवढीच होती.

त्या सहीनंतरच्या पावसाळ्यात वन्संनी विहिरीकडचा कोपरा धरला.

तो कोपरा वाडीतला सगळ्यात वाईट. वर फणसाची गडद सावली, बाजूला रचलेल्या दगडांचा बुटका गडगा, आणि शिंपण्याच्या पाटाचं उरलेलं पाणी शेवटी तिथे येऊन जिरणारं. बारमाही ओल. खराटा मारला तर माती उडण्याऐवजी खराट्यालाच चिकटायची. मीही तिथे नाखुशीनेच झाडायचे. वन्सं एक दिवस टेकडीवरच्या देवळाला गेल्या आणि पदरात कसल्यातरी हिरव्या काड्या घेऊन आल्या. पेराखाली तोडलेल्या, वितीवितीच्या. दोन पेरं मातीत, दोन पेरं वर, अशा त्यांनी त्या ओळीने टोचल्या आणि वर कुजका पाचोळा पसरला. पाचोळा! ज्या वाडीतून मी रोज पाटीभर पाचोळा बाहेर काढायचे, तिथे ही बाई तो पाटीने आत आणत होती.

"हे काय?" मी विचारलं.

"दशमुळी."

"ती कशाला?"

"सावलीत येते," त्या म्हणाल्या. हे काही उत्तर झालं नाही, पण वन्संकडून याहून जास्त मिळायचं नाही.

दशमुळी म्हणजे रानातलं झुडूप. टेकडीच्या वाटेला, मोठ्या झाडांच्या पायाशी कुणी न लावता वाढतं. गुडघ्याच्या वर फारसं जात नाही, आडवं मात्र पसरतं. खाली मुळ्यांचा झुपका असतो, म्हणून दशमुळी. मी एकदा मोजल्या तर सात भरल्या, म्हणजे नावातसुद्धा खोटेपणा. उन्हात लावलं तर तोंड पाडून बसतं, सावली आणि ओल मिळाली की मात्र थांबत नाही. वन्संच्या कोपऱ्यात दुसऱ्या वर्षी माती दिसेनाशी झाली. थंडीत त्याला निळी-जांभळी फुलं आली. ती जुनी झाली की लालसर होतात, त्यामुळे एकाच तुऱ्यावर दोन रंग. गावातल्या बायका बघायला यायच्या. कुणी दुखण्याखुपण्यावर मुळी मागायची, वन्सं एक मुळी काढून द्यायच्या आणि झाड परत मातीत दाबायच्या. त्या बायकांचं मला हसू यायचं. घरी टीव्ही, हातात मोबाईल, आणि औषध म्हणून वन्संच्या चिखलातली मुळी.

हसण्यावर भागलं असतं तर बरं होतं. पण त्या कोपऱ्यावर चार पोफळी झुकलेल्या होत्या आणि त्यांची सुपारी पडायची ती थेट झुडपात. मला ते बघवायचं नाही. टप् असा आवाज यायचा आणि संपलं. एकदा मी कमरेवर हात ठेवून उभी राहिले आणि म्हटलं, "वन्सं, या झुडपात जाते ती सुपारी काय तुमच्या बापाची आहे?"

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. "व्हय," त्या म्हणाल्या, "बापाचीच हाय."

खरंच होतं ते. म्हणूनच मला ते जास्त झोंबलं.

सहाएक वर्षांपूर्वीची गोष्ट. वन्सं काशीदला चुलतबहिणीच्या घरी लग्नाला गेल्या, चार दिवसांसाठी. मी पहिल्याच दिवशी गडी बोलावला आणि कोपरा मुळासकट साफ करून घेतला. स्वतः उभी राहून. झुडपाखालून पाटीभर सुपाऱ्या निघाल्या, माझं म्हणणं खरं ठरलं, मला कोण आनंद झाला. त्यांतल्या अर्ध्यांना कोंब फुटले होते. कोंब फुटलेली सुपारी बाजारात चालत नाही, म्हणजे ती नासली, एवढंच मला कळत होतं. त्या सगळ्या मी दशमुळीच्या ढिगावर टाकल्या आणि ढीग पेटवून दिला. मग ओल्या मातीवर कोरडी माती टाकून खराटा मारला. संध्याकाळी कोपरा इतका सुरेख दिसत होता की मी यांना मुद्दाम बोलावून दाखवला.

वन्सं परत आल्या. पिशवी ओट्यावर ठेवून सरळ विहिरीकडे गेल्या. थोड्या वेळाने आल्या, पाय धुतले आणि म्हणाल्या, "वहिनी, चहा टाकू?" एवढंच. मी भांडणाची तयारी करून बसले होते, ती सगळी वाया गेली. रागावलेल्या माणसाला जिंकता येतं. चहा टाकणाऱ्याचं काय करायचं?

पुढच्या पावसात दशमुळी परत उगवली. मातीत मुळी राहिली होती, तिला तेवढं पुरलं. सुंभ जळाला तरी पीळ जात नाही असं आपण म्हणतो, ते मी वन्संना उद्देशून बरेचदा म्हटलं. मग दुर्लक्ष केलं. वेड्याच्या नादी किती लागायचं?

नंतर जूनमधलं ते वादळ आलं.

त्याचं वर्णन मी करणार नाही. ज्यांनी पाहिलं त्यांना नको आहे आणि ज्यांनी नाही पाहिलं ते मान हलवून "अरेरे" म्हणतात. दुसऱ्या दिवशी सकाळी दार उघडलं तर वाडीत आभाळ होतं. चाळीस वर्षं जिथे सावली, तिथे लख्ख उजेड. सव्वाशे पोफळींमधल्या तीसही उभ्या नव्हत्या. विहिरीकडचा फणस मात्र एक फांदी देऊन उभा राहिला होता.

आमचे हे अलिबागला कचेरीत होते, आता निवृत्त. झाडांवर त्यांचा राग नाही आणि लोभही नाही. फाईल आली की शेरा मारायचा, एवढं त्यांना येतं. वाडीवरही त्यांनी शेरा मारला. "दोन पावसाळे बघू. रोपं धरली तर धरली, न्हायतर देऊन टाकू."

घेणारा तयारच होता. आमच्या गडग्यापलीकडे एक बंगला आहे, त्याचे साहेब. त्यांच्याविषयी किती लिहावं? साहेबांनी स्वतःच्या तुकड्यातली कलमं तोडून लॉन केलं होतं. उन्हाळ्यात त्याला सकाळ-संध्याकाळ कारंज्यासारखं पाणी, आणि पावसाळ्यात त्यात बेडकांची सभा. दोनदा ते जळालं, दोनदा त्यांनी ते गुंडाळीने आणून सतरंजीसारखं अंथरलं, आणि तिसऱ्या वेळी प्लास्टिकचं आणलं. त्या प्लास्टिकवर अनवाणी चालून ते म्हणायचे, "निसर्गात आलं की कसं मोकळं वाटतं!" वादळानंतर आमच्या पडलेल्या पोफळी बघायला आले आणि म्हणाले, "वहिनी, आता व्ह्यू छान झाला."

त्या दिवशी मी ठरवलं, वाडी या माणसाला जाऊ द्यायची नाही. मला दुसरं काही येत नव्हतं. वाडी गेली तर मी कोण? निवृत्त कारकुनाची बायको, हातात खराटा आणि झाडायला दोन खोल्या.

मी रोपवाटिकेतून साठ रोपं आणली. काळ्या पिशव्यांतली, मरतुकडी. तेव्हा सगळ्या किनाऱ्यालाच पोफळीची रोपं हवी होती, त्यामुळे रोपवाटिकावाला राजा झाला होता आणि आम्ही सगळे ओंजळ पसरून उभे. श्रावणात लावली. प्रत्येक रोपाभोवती आळं केलं, आळ्याभोवती झाडलं. माझ्या मते रोपाला याहून चांगलं घर मिळणार नव्हतं. फाल्गुनापर्यंत ती हिरवी होती. चैत्रात त्या झाडलेल्या जमिनीची भाकरी झाली. पाणी घालावं तर वरच्यावर पळायचं, आत जिरायचं नाही. पानं टोकाकडून करपत आली आणि वैशाख सरेपर्यंत एकूणएक रोपं गेली.

दुसऱ्या पावसात परत चाळीस आणली. या वेळी नारळाच्या झावळ्यांचे आडोसे केले, पाणी दुप्पट केलं आणि झाडलं तिप्पट. माझी अक्कल तेवढ्यावरच चालायची, काही बिघडलं की झाडायचं. माती तडकली. चैत्रात परत तेच. मेलेली रोपं उपटताना मी रोपवाटिकावाल्याला शिव्या दिल्या, पंपाला दिल्या, उन्हाला दिल्या. नाचता येईना अंगण वाकडं, आणि अंगण तर माझंच झाडलेलं.

वन्सं दोन्ही वर्षं विहिरीच्या कठड्यावर बसून बघत होत्या. मी एकदा ओरडलेसुद्धा, "बघत काय बसलात? मजा वाटते?" त्या म्हणाल्या, "न्हाय गं. पाणी बघते, कुठं जातंय."

दुसरा वैशाख आला आणि यांनी साहेबांना बोलावलं. साहेब टोपी घालून, एका माणसाला टेप धरायला घेऊन आले. गडग्यापासून मोजायला सुरुवात झाली. टेपवाला विहिरीकडच्या कोपऱ्याशी आला आणि थबकला. "इथं जंगल आहे. साप असेल."

"साप कसला?" मी म्हणाले. "द्या इकडे."

टेपचं टोक घेऊन मी दशमुळीत शिरले. इतक्या वर्षांत मी त्या झुडपात कधी पाऊल टाकलं नव्हतं, कापायलासुद्धा गडी लावला होता. बाहेर माती पायाला चटके देत होती आणि इथे पाय गार ओलीत रुतला. टेप गडग्याला लावायला मी वाकले आणि हाताने झुडूप बाजूला केलं.

खाली पोफळीची रोपं होती. पहिल्या पानाची ती ओळखीची शेपटी, मधून दुभंगलेली. एक, शेजारी दोन, पलीकडे पाच-सहा. मी दुसरीकडचं झुडूप बाजूला केलं. तिथेही. काही बोटभर, काही हातभर उंचीची, जाड बुंध्याची, काळपट हिरवी. कुणी लावलेली नाहीत, कुणी पाणी घातलेलं नाही. मी पंचवीस वर्षं जिच्या नावाने खडे फोडले ती सगळी हरवलेली सुपारी तिथे उभी होती. मी जाळली त्याच्यानंतरची.

टेप माझ्या हातातच राहिला. पलीकडून साहेब विचारत होते, "वहिनी, किती आलं?"

मी मोजत होते, पण फूट नव्हे. सत्तरपर्यंत आले आणि पुढे डोळ्यांत पाणी आलं. मी तशी रडणाऱ्यातली नाही. मला भयंकर राग आला होता. मी बाहेर आले ती सरळ वन्संपाशी.

"तुम्हाला ठाऊक होतं?"

"व्हय."

"कधीपासून?"

"तुझी पैली रोपं जळाली तवापासून."

"मग सांगितलं का नाही? वाडी चाललीय आपली!"

वन्सं कठड्यावरून उठल्या नाहीत. "सांगितलं असतं तर तू काय केलं असतंस वहिनी? उपटून नेली असतीस न् तुझ्या त्या तव्यावर लावली असतीस. आणि हितलं झाडून काढलं असतंस." आणि म्हणाल्या, "झाडून जाण्यापेक्षा विकून गेलेली बरी."

हे असं माझ्याशी त्या घरात कुणी बोललं नव्हतं. तयार उत्तरांची कोठी रिकामी.

एव्हाना हे आणि साहेब तिथे आले होते. यांनी वाकून रोपं पाहिली आणि शेरा मारायच्या आवाजात म्हणाले, "ठीक हाय. पण ही तरी लागतील याची खात्री काय?"

तेव्हा वन्सं उठल्या. भावासमोर त्या कधी मान वर करून बोलल्या नव्हत्या. त्या दिवशी बोलल्या. "दादा, मी सही दिली तवा खात्री मागितली व्हती?"

साहेबांनी टोपी काढून परत घातली. यांनी टेपवाल्याला टेप गुंडाळायची खूण केली. मग साहेबांना म्हणाले, "या वर्षी राहू दे." साहेब जाताना प्लास्टिकवाल्याचा नंबर देऊ का म्हणून विचारत होते. त्यांना त्यातलं काहीच कळलं नव्हतं, आणि त्या दिवशी पहिल्यांदाच मला वाटलं की न कळण्यात आम्ही दोघं काही फार लांब नाही. ते प्लास्टिक अंथरत होते, मी माती खरवडत होते. आपला तो बाब्या, एवढाच फरक.

संध्याकाळी मी वन्संना विचारलं, पुढे कसं करायचं. विचारताना माझी जीभ जड झाली होती, पण विचारलं.

"खराटा आण," त्या म्हणाल्या.

मला वाटलं कोपऱ्यापासून काहीतरी आखायचं असेल. मी माझा खराटा आणून दिला. नवा होता, झावळ्यांचे हीर मी स्वतः काढून बांधलेला. वन्संनी तो हातात घेतला, जरा तोलून पाहिला आणि न्हाणीघराबाहेरच्या चुलीत घातला. हिरांनी भर्रकन पेट घेतला.

"आता बघू," त्या म्हणाल्या. "पाणी तापलं की अंघोळ करून घे."

त्या पावसाळ्यात आम्ही दोघींनी वाडी लावली. म्हणजे लावली वन्संनी, मी सांगकाम्या. यंदा पोफळीच्या रोपांना हात लावायचा नाही, असं त्यांनी आधीच बजावलं. मृगात केळीचे मुनवे, म्हणजे बुंध्याशी फुटलेले कोंब, लावले, दसऱ्यापर्यंत त्यांची सावली पडायला लागली. केळीच्या मधे दशमुळीच्या काड्या, दोन पेरं आत, दोन पेरं वर, आणि वर पाचोळा. तो पाचोळा आता मला शेजारपाजारून मागून आणावा लागत होता, कारण माझ्या वाडीत इतक्या वर्षांत मी तो उरूच दिला नव्हता. "कंबर धरते वाटतं तुमची?" शेजारणीने विचारलं. तिची पाळी होती, तिने ती सोडली नाही. मीही सोडली नसती.

काड्या नीट दाबल्या नाहीत तर वन्सं अंगठ्याने परत दाबायच्या. कुठे ओल कमी वाटली तर पाटाचं तोंड वळवायच्या. मला त्यांच्या हाताखाली काम करताना कळत गेलं की या बाईला वाडीतल्या पाण्याचा थेंब न् थेंब ठाऊक आहे. ते ज्ञान तिथेच, माझ्या नाकासमोर, मळखाऊ साडी नेसून बसलं होतं. मी त्याला रोज भात वाढत होते आणि वर टोमणाही.

पुढल्या पावसात पोफळीची रोपं कोपऱ्यातून मुळाभोवतीच्या मातीसकट उचलली आणि दशमुळीच्या मधे बसवली. चैत्र आला. मी रोज सकाळी धास्तावून जायचे. वरचं पान पिवळं पडायचं तेवढं पडलं, पण माती तडकली नाही, कारण तडकायला ती उघडी नव्हतीच. दहा-बारा रोपं गेली. बाकीची आता माझ्या खांद्याला आली आहेत. यांनी विक्रीचा विषय परत काढला नाही. आल्यागेल्याला मात्र सांगतात की देशी झुडपाची कल्पना त्यांची. सांगोत बापडे.

आता वाडी झाडलेली नाही. लोक येतात आणि नाक मुरडतात. चुलतदिराच्या मुलीचं लग्न जमवायला आलेल्या एका पाहुणीने बरोबरच्या बाईला म्हटलं म्हणे, "मुलीच्या काकूला नीटनेटकेपणाची आवड दिसत नाही." मला हसू आलं. दहा वर्षांपूर्वी मी तिचा पाणउतारा केला असता.

गेल्या पौषात दशमुळी फुलली होती, आता एका कोपऱ्यात नाही, सगळीकडे. उरलेल्या जुन्या पोफळींची सुपारी पडत होती. मी गुडघ्यांवर बसून पानांतून हात फिरवत शोधत होते. चारांतली एक सापडते, बाकीच्या मी सोडते. वन्सं कठड्यावर बसल्या होत्या. आता त्यांना नीट दिसत नाही, एका डोळ्यात मोतीबिंदू आहे आणि त्या ऑपरेशनला तयार नाहीत. मला सहज आठवलं म्हणून मी विचारलं.

"वन्सं, तेव्हा एवढ्या वाडीत हा कोपराच का धरलात? आणि हेच झाड का? मोगरा लावला असतात तर मी काही बोलले नसते."

"मोगऱ्याखालची माती दिसते," त्या म्हणाल्या.

मला कळलं नाही. त्या अगदी साध्या आवाजात, भाजीत मीठ किती घालायचं ते सांगावं तसं बोलल्या. "तू रोज दुपारी माझी पावलं बघायचीस वहिनी. मी विहिरीवर किती वेळ बसले, कंच्या झाडाखाली उभी राह्यले. रात्री पानावर सांगायचीस. बापाच्या वाडीत मला पाय कुठं ठेवू ते कळंना. मग टेकडीवर हे दिसलं. याच्यात पाऊल टाकलं की उमटत न्हाय."

माझ्या हातात नुकतीच सापडलेली सुपारी होती, पिवळीधमक, टपोरी. मला माझी लाज वाटली, इतकी की वर बघवेना. इतकी वर्षं रोज सकाळी मी खराटा मारत होते आणि मला वाटत होतं, मी वाडी झाडतेय.

"सापडली का गं?" वन्संनी विचारलं.

"नाही," मी म्हणाले, आणि हातातली सुपारी पानांखाली सोडून दिली.